विशेष आणि पुरेसं कारण

२३ फेब्रुवारी २०२४, शुक्रवार

आज तालुक्याच्या कोर्टानं अण्णांना, माझ्या वडिलांना, शिक्षा सुनावली. एक वर्ष साधी कैद आणि दंड. कलम गोवंश हत्याबंदीचं.

ही वही आजच घेतली. कोर्टाच्या आवारात थोरल्या बहिणीचा, पौर्णिमाताईचा फोन आला, "नीट सांग काय झालं," आणि मला नीट सांगता येईना. तोंडातून नुसते तुकडे पडत होते. यापुढे जे होईल ते लिहून ठेवीन, म्हणजे निदान कागदावर तरी सलग राहील.

शिक्षा सांगण्याआधी न्यायाधीशांनी विचारलं, "शिक्षेबद्दल काही म्हणायचं आहे का?" आमच्या वकिलांनी अण्णांना खूण केली. हात जोडा, वय सांगा, घरची परिस्थिती सांगा. अण्णा सरळ उभे राहिले आणि म्हणाले, "बैल माजा हुता. म्या त्येला मारला न्हाय. हात कशापायी जोडू?"

मला वाटलं, आता एकाची दोन वर्षं होणार. एकच झालं. अपिलासाठी मुदत आणि तोवर जामीन मिळाला. जामीनदार बिरदेवमामा. त्यांनी आपला सातबारा टेबलावर ठेवला तेव्हा कारकुनानं विचारलं, "आरोपी तुमचा कोण?" मामा म्हणाले, "बांधाला बांध हाय. म्हंजी भावाहून वाईट."

कारकून हसला. मला हसू आलं नाही. मी कागदांची पिशवी पुन्हा उघडून बघत होतो.

२५ फेब्रुवारी, रविवार

शिक्षा कशाची झाली ते एकदा क्रमानं लिहितो.

दोन वर्षांपूर्वी जानेवारीत आमचा मोऱ्या बैल पहाटे दावं तोडून लसूणघासात शिरला. घासावर दव होतं. ओला कोवळा घास पोटभर खाल्ला की जनावराचं पोट हवेनं फुगतं. ती हवा बाहेर पडली नाही तर जनावर गुदमरून मरतं. उजाडलं तेव्हा मोऱ्याची डावी बाजू ढोलासारखी झाली होती. डॉक्टरांचा फोन लागेना, रविवार होता. गोडेतेल पाजलं, तोंडात आडवी काठी बांधली, चढावर उभा केला. काही उपयोग झाला नाही.

बिरदेवमामा धनगर. दर उन्हाळ्यात त्यांची मेंढरं खतासाठी आमच्या रानात बसतात. मेंढराचं पोट असं फुगलं की ते डाव्या भकाळीत, म्हणजे बरगडी संपते आणि मांडी सुरू होते त्या मधल्या खळग्यात, सुरी टोचतात. हवा सुटते आणि मेंढरू उठून चरायला लागतं. अण्णांनी हे कितीदा तरी बघितलं होतं. त्यांनी घरातली सुरी घेतली. पण बैलाचं कातडं मेंढराचं नव्हे. जोर करावा लागला आणि सुरी खोल गेली. हवा सुटली, तिचा आवाज मी ऐकला. रक्तही आलं. मोऱ्या खाली बसला तो उठला नाही.

आम्ही मेलेलं जनावर ओढत नाही. पडलं तिथंच शेजारी खड्डा घेतो, मीठ घालतो आणि पुरतो. आम्ही खड्डा घेत असताना रस्त्यानं जाणाऱ्या दोन पोरांनी व्हिडिओ काढला. त्यात सुरी, रक्त आणि खड्डा एवढंच दिसतं. दुपारी पोलीस आले. डॉक्टरांनी लिहून दिलं, धारदार शस्त्राच्या जखमेतून रक्तस्राव होऊन मृत्यू. ते खरंच आहे. खड्डा पुरावा नष्ट करण्यासाठी होता असं निकालात म्हटलं आहे. ते खरं नाही.

आई कोर्टाबाहेर प्रत्येकाला एकच विचारत होती, "कापायचाच असता तर मान कापली असती का न्हाय? भकाळीत कोण सुरी घालतं?"

मामांनी साक्ष दिली होती, पण साक्षीदार आरोपीचा जवळचा मित्र, सबब विश्वासार्ह नाही, असं निकालात आलं. मामा रागावले आहेत. "माज्या मेंढरान्ला बोलवा म्हणावं साक्षीला. त्येंची काय माजी दोस्ती न्हाय. रोज शिव्या खात्यात माज्या."

४ मार्च, सोमवार

अण्णांना घेऊन धाराशिवला गेलो. ईट गावाहून पहिल्या एस.टी.नं. अपिलासाठी नवे वकील केले, शिवप्रसाद वकील. मोठं नाव आहे. टेबलावर फायलींचा ढीग, बोलता बोलता दोन फोन घेतात, तरी आपलं म्हणणं विसरत नाहीत. मला बरं वाटलं.

अण्णा बाहेर चहाला गेले तेव्हा त्यांनी मला घरची माहिती विचारली. जमीन किती, कमावतं कोण, शिक्षण. मी सांगितलं की मी अकरावीत शाळा सोडली आणि ईटला सिद्धाराम मालकांच्या कृषी सेवा केंद्रात बिलं करतो. ते म्हणाले, "आणि आजोबा? ते काय काम करायचे?"

मी म्हणालो, "पूर्वी गावकीचं काम होतं. मेलेली जनावरं ओढायची. पण छप्पन साली..."

तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. फोनवर बोलत बोलत त्यांनी पॅडवर एक ओळ लिहिली. फोन संपल्यावर मी उरलेलं सांगितलं, आजोबांनी धम्म घेतला तेव्हा ते काम सोडलं. ते म्हणाले, "हो, हो. पुढं?"

कुठलाही प्रश्न अर्धवट सोडला नाही याचं समाधान आहे. परतीच्या गाडीत अण्णांनी विचारलं, "काय काय इचारलं?" मी म्हणालो, सगळं.

१४ एप्रिल, रविवार

जयंती. पंचशील झालं, मिरवणूक निघाली. अण्णा दरवर्षी निळा फेटा बांधून पुढं असतात. या वर्षी पुढं जावं की नाही असं त्यांनी आईला विचारलं. आई म्हणाली, "मागं राहिलात तर लोक म्हणत्याल, खरंच कापलं." अण्णा पुढं गेले आणि नाचलेसुद्धा. केस चालू आहे, कुणी व्हिडिओ काढला तर, असं मी म्हणालो. माझं कुणी ऐकलं नाही.

रात्री जेवताना अण्णांनी आजोबांची गोष्ट सांगितली. दरवर्षी सांगतात. धम्म घेऊन आल्यावर आजोबांनी जनावरं ओढायचा दांडा तोडून चुलीत घातला आणि त्याच जाळावर भाकरी केल्या. पुढच्याच महिन्यात मोठ्या घरची म्हैस मेली. बोलावणं आलं, आजोबा गेले नाहीत. म्हैस त्या मोठ्या घराच्या दारातच फुगली, वास सुटला. आमच्या वस्तीचं पाणी बंद झालं, गावातली मजुरी बंद झाली. आजी ढोकीकडं भावाच्या गावी जाऊन ज्वारी आणायची. "पर म्हस काय त्येंनी वढली न्हाय," अण्णा म्हणाले.

गोष्ट लांब आहे आणि मला पाठ आहे. मी पुढच्या तारखेचा विचार करत होतो. सुट्टीसाठी मालकांना कसं विचारावं तेच डोक्यात होतं.

१९ जून, बुधवार

तारीख होती. सरकारी वकील रजेवर. पुढची तारीख मिळाली.

दुकानात पेरणीची गर्दी आहे. सोयाबीनच्या बॅगा भरताना वाशीचं एक गिऱ्हाईक म्हणालं, "तू कोंडिबाचा का? बैलवाल्या कोंडिबाचा?" मी म्हणालो, "हो. बैल आमच्याकडं तीन पिढ्या आहेत." बोलून गेल्यावर माझेच कान गरम झाले. मालकांनी फक्त चष्म्यावरून बघितलं.

१२ ऑगस्ट, सोमवार

आज आनंदाची बातमी आहे.

शिवप्रसाद वकिलांनी फोन करून बोलावलं होतं. अण्णांना ताप होता म्हणून मी एकटाच गेलो. ते म्हणाले, "हे बघ धम्मपाल, सुरी आहे, रक्त आहे, डॉक्टर आहे. निर्दोष सुटणं अवघड. पण शिक्षा कमी करून घेता येते. कायद्यात किमान सहा महिने आहेत. त्याच्या खाली यायचं तर कोर्टाला निकालात विशेष आणि पुरेसं कारण लिहावं लागतं. ते कारण मी देतो. मग कोर्ट उठेपर्यंतची शिक्षा होते."

"म्हणजे?"

"म्हणजे तुझ्या वडिलांनी दिवसभर कोर्टात बाकावर बसायचं. संध्याकाळी न्यायाधीश उठले की शिक्षा संपली. घरी जाऊन जेवायचं."

मी दोनदा विचारून खात्री केली. तुरुंगात नाही? नाही. एकही रात्र? एकही नाही.

घरी सांगितलं तर अण्णा म्हणाले, "म्हंजी गुन्हा कबूल?" मी समजावलं की आधी निर्दोष सोडा असंच म्हणायचं, आणि कोर्टाला ते पटलं नाही तरच हे. शेवटी अण्णा म्हणाले, "बघा बाबा. तुमी शिकल्यालं."

२३ ऑगस्ट, शुक्रवार

वकिलांनी लेखी युक्तिवादाचा मसुदा मोबाइलवर पाठवला. 'तू अक्षरशत्रू नाहीस, एकदा नजर घाल' असं लिहिलं होतं. दुकान बंद झाल्यावर प्रिंट काढून बसलो.

टाइप करणाऱ्यानं चुका केल्या होत्या. 'न्यायालयीन'मधली वेलांटी ऱ्हस्व होती, 'कौटुंबिक' दीर्घ लिहिलं होतं. मी सगळ्या दुरुस्त केल्या. कारणाचा परिच्छेद मात्र नीट होता: 'आरोपी हा अशिक्षित असून मृत जनावरांची विल्हेवाट लावणे हा त्याच्या समाजाचा परंपरागत व्यवसाय आहे. त्यामुळे जनावराच्या शरीरावर शस्त्र चालविण्यात त्यास काही गैर वाटले नाही. तरी दया दाखवावी.' यात एकही चूक नव्हती. स्वच्छ परत पाठवला.

अण्णांना वाचून दाखवला नाही. त्यांना कायद्याची भाषा कळत नाही, उगाच काळजी करत बसतील.

१० सप्टेंबर, मंगळवार

आज अण्णांनी मला भर कोर्टात खाली बघायला लावलं.

युक्तिवाद होता. न्यायाधीश मॅडम शांत आहेत, प्रत्येकाचं ऐकतात. शिवप्रसाद वकील छान बोलले. जखमेची जागा, मामांची साक्ष, रविवार, सगळं मांडलं. मग शिक्षेवर आले आणि तो परिच्छेद मराठीतच वाचला. "परंपरागत व्यवसाय" म्हणाले तसे मागच्या बाकावरून अण्णा उभे राहिले.

"साहेब, ह्ये खोटं हाय."

मॅडमनी वर बघितलं. "तुमचे वकील बोलत आहेत. खाली बसा."

"बसतो. पर ह्ये आमचं काम न्हाय. माज्या बापानं सोडलं. म्या कदी केलं न्हाय. ह्ये काढा आदी."

शिपाई पुढं आला. मी अण्णांचा सदरा धरून खाली ओढलं. ते बसले. मॅडमनी वकिलांना विचारलं, "हे कारण तुम्ही मागे घेता का?" वकील म्हणाले, "नाही मॅडम. अशील भावनेच्या भरात आहेत. त्यांच्या हिताचंच आहे."

निकालाची तारीख दिली.

बाहेर वकील अण्णांवर चिडले. "अहो, मी तुम्हाला घरी पाठवायला बघतोय आणि तुम्ही मलाच खोटं पाडता?" अण्णा म्हणाले, "घरी पाठवा. पर ह्या दारानं न्हाय."

गाडीत अण्णा खिडकीकडं बघत होते. येडशी गेल्यावर म्हणाले, "त्येंना ह्ये कुणी सांगितलं?"

मी म्हणालो, मी. त्यांनी विचारलं, मी सांगितलं. मी तर पूर्ण सांगितलं होतं.

"व्हय," अण्णा म्हणाले.

११ सप्टेंबर, बुधवार

पौर्णिमाताईचा फोन. ती बार्शीला खासगी दवाखान्यात नर्स आहे. तिनं मसुदा मागितला, मी पाठवला. लगेच परत फोन आला.

"हे तू वाचलं होतंस?"

"वाचलं. दुरुस्तही केलं."

"काय दुरुस्त केलं?"

मी सांगितलं.

"वेलांट्या बघितल्यास आणि वाक्य बघितलं न्हाईस? धम्म्या, माझ्या वॉर्डात रोज एक तरी माणूस मला आडनाव विचारतो आणि मगच हात पुढं करतो सुईला. त्याला मी काय सांगू? कोर्टात लिहून दिलंय आमच्या भावानं?"

मी म्हणालो, "एक वर्ष तुरुंगात गेले तर? त्यांची साखर कोण तपासणार तिथं?"

ती म्हणाली, "अण्णांना विचार. मला विचारू नकोस."

१६ सप्टेंबर, सोमवार

मी विचारायच्या आधीच अण्णांनी सांगितलं. कोर्टात एक कागद देता येतो म्हणे, आपलं म्हणणं नोंदवून घ्या असा. त्याला पुरशीस म्हणतात. बिरदेवमामांच्या पुतण्याच्या जमिनीच्या दाव्यात दिली होती, तिथून त्यांना कळलं.

"तू लिही," अण्णा म्हणाले. "तुजं अक्षर चांगलं हाय. ह्या कारणानं आमाला सूट नको, असं लिही."

मी म्हणालो, मग दुसरं कारण राहणार नाही. किमान सहा महिने होतील. कदाचित वर्ष तसंच राहील. निर्दोष सुटण्याची वकिलांना आशा नाही.

"मला कळतंय."

"वकील सही करणार नाहीत."

"म्या करतो. मला सही येती."

मी म्हणालो, ठीक आहे, लिहितो. पण मला त्याचा नमुना माहीत नाही. कोणत्या कागदावर लिहायची, वर काय घालायचं हे विचारावं लागेल. चूक झाली तर फेटाळतील. दोन दिवस द्या.



१९ सप्टेंबर, गुरुवार

नमुना मिळाला आहे. लिहिलेली नाही. निकालाला वेळ आहे. अण्णांचं मन बदलू शकतं. रागात घेतलेला निर्णय असतो. मी काही टाळत नाही, विचार करतो आहे.

२१ सप्टेंबर, शनिवार

आज दुकानात कल्याणप्पा काका आले. दुधाचा मोठा धंदा आहे त्यांचा. माणूस वाईट नाही. आई आजारी होती तेव्हा त्यांनीच गाडी दिली होती. काउंटरला रेलून म्हणाले, "धम्मपाल, बरं भेटलास. मुऱ्हा म्हैस गेली रे रात्री. गोठ्यात पडलीय. जरा अण्णाला पाठव की. दुपारपर्यंत वढून टाकली तर बरं, वास सुटंल."

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. "अण्णांना कशाला?"

"अरे, कोर्टात तुमच्या वकिलानंच सांगितलंय म्हणं, तुमचं वडिलार्जित कामच हाय ते. माजा मेव्हणा हुता तिथं त्या दिवशी. इतके दिस आमाला वाटलं तुमी सोडलंय. म्हणून ट्रॅक्टरवाला बोलवायचो. फुकट न्हाय म्हणत म्या, काय आसंल ते दीन."

किती प्रेमानं बोलत होते. त्यात टोमणा नव्हता, आणि तेच मला सोसवेना. माझ्या डोळ्यांसमोर दारात फुगलेली म्हैस आली, मी कधी न पाहिलेली. आजोबांनी ती तशीच पडू दिली होती.

मी म्हणालो, "काका, तुमची म्हैस, तुमचा खड्डा. मीठ लागलं तर सांगा, आमच्याकडं पोत्यानं आहे. बिल करून देतो."

कल्याणप्पा काका सरळ उभे राहिले. "एवढं तोडून बोलायचं काय कारन रे?"

"कारण वकिलांनी लिहिलंय ते खोटं आहे. सोमवारी मी ते कोर्टात लिहून देणार आहे. मेव्हण्याला सांगा, त्या दिवशी पण यायला."

ते मालकांकडं बघायला लागले. सिद्धाराम मालक बियाण्याच्या पिशव्या लावत होते. न वळता म्हणाले, "कल्याणप्पा, मीठ किती देऊ?"

दुकानातच गल्ल्यामागं बसून पुरशीस लिहिली. पहिला कागद खराब झाला. दुसरा नीट आला. त्यात लिहिलं: 'मृत जनावरे ओढणे अगर त्यांची विल्हेवाट लावणे हा माझा अगर माझ्या कुटुंबाचा व्यवसाय नाही. माझ्या वडिलांनी सन १९५६ साली धम्म स्वीकारून ते काम सोडले आहे. मी शेतकरी आहे. माझा बैल आजारी होता व मी त्यास वाचविण्यासाठी सुरी टोचली. सदर कारणास्तव मला शिक्षेत सूट नको. ही पुरशीस मी परिणाम समजून देत आहे.'

घरी वाचून दाखवली. अण्णांनी एकदा ऐकली. "शेतकरी हाय ह्ये वर घे की," म्हणाले. वर घेतलं. मग सही केली, सावकाश, पूर्ण नाव.

२३ सप्टेंबर, सोमवार

पुरशीस दाखल केली. शिवप्रसाद वकील म्हणाले, "मी यावर सही करणार नाही. मला तुझ्या बापाला तुरुंगात पाठवल्याचं पाप नको." मी म्हणालो, "नका करू सर. अण्णांची आहे." माझ्या आवाजाला मीच दचकलो.

२७ सप्टेंबर, शुक्रवार

मॅडमनी अण्णांना पुढं बोलावलं. पुरशीस त्यांच्या हातात होती.

"ही तुम्ही दिली?"

"व्हय."

"जबरदस्ती नाही?"

"माज्यावर कोण करतंय जबरदस्ती?" अण्णा म्हणाले. "बायको बी करत न्हाय."

मागं कुणीतरी हसलं. मॅडमही किंचित हसल्या. मग गंभीर होऊन म्हणाल्या, "अपील मान्य झालं नाही आणि हे कारणही नसलं, तर कायद्यानं किमान सहा महिने द्यावे लागतील. दुसरं काही विशेष कारण तुमच्याकडं आहे का? वय, आजार?"

साखर आहे, सांगा. साखर आहे. माझे ओठ हलत होते.

अण्णांनी विचार केला. "साखर हाय. पर ती बैल मारल्याचं कारन न्हाय. बैल फुगला हुता, त्येला वाचवायला सुरी टोचली, ह्येच कारन. ते विशेष आसंल तर पुरं सोडा. नसंल तर पुरं ठेवा."

मॅडमनी काहीतरी लिहिलं. सरकारी वकिलांनी हरकत घेतली नाही. म्हणाले, रेकॉर्डवर घ्यावी.

बाहेर आल्यावर शिवप्रसाद वकील माझ्याशी बोलले नाहीत. अण्णांशी बोलले. "कोंडिबा, तुम्ही वेडे आहात." अण्णा म्हणाले, "तुमी लई चांगलं बोलला त्या दिवशी. जखमेचं तेवढं. ते परत एकदा बोला."

८ ऑक्टोबर, मंगळवार

उद्या निकाल. आईनं अण्णांच्या गोळ्या, दोन बनियन, टॉवेल, चादर पिशवीत भरलं. अण्णा म्हणाले, "सुटलो तर?" आई म्हणाली, "मग परत काढीन. मला काय काम न्हाय का?" बिरदेवमामा येऊन बसले होते. मेंढरं वाशीच्या बाजूला गेली आहेत, ती सोडून आले. रब्बीच्या पेरणीचं बोलणं झालं. मामांची आणि आमची तिफण आलटून पालटून चालवायची असं ठरलं.

मी पिशवीतल्या गोळ्यांच्या पाकिटावर सकाळ आणि रात्र असं लिहिलं.

९ ऑक्टोबर, बुधवार

अपील अंशतः मंजूर झालं. दोष कायम, आणि एका वर्षाचे सहा महिने झाले.

निकालातला मुख्य भाग मॅडमनी उघड कोर्टात वाचला. जखम भकाळीत आहे ही बाब आरोपीच्या बाजूची खरी, पण वैद्यकीय पुराव्यापुढं पुरेशी नाही, असं त्या म्हणाल्या. शिक्षेच्या परिच्छेदावर आल्या तसा मी अण्णांकडं बघायचं सोडलं.

पुढच्या अर्ध्या तासात मी बऱ्याच जणांशी बोललो असेन. शिवप्रसाद वकील म्हणाले, औरंगाबादला खंडपीठात रिव्हिजन, म्हणजे निकाल फेरतपासायचा अर्ज, टाकू, तिथं जामिनाचाही अर्ज करू. "मीच तयार करतो कागद. आणि या वेळी परिच्छेद तुझ्या बापाला आधी वाचून दाखव." पौर्णिमाताई बार्शीहून थेट आली होती, ड्युटीच्या कपड्यांत. तिनं पोलिसांना साखरेचं समजावून सांगितलं, कागदावर लिहून दिलं, आणि त्यांच्याकडून वाचून घेतलं. आई पिशवी छातीशी धरून उभी होती. कुणी मागितली तरी देईना.

कोर्टानं आरोपीला द्यायची निकालाची प्रत मिळाली. व्हरांड्यात हवालदार अण्णांना घेऊन थांबले होते, खाली गाडी लागली होती. अण्णांनी प्रत माझ्या हातात दिली.

"ते कुठं हाय? आपलं?"

मी शेवटून तिसरं पान काढलं.

"वाच."

मी वाचलं: 'आरोपीने स्वतः पुरशीस देऊन बचाव पक्षाचे हे कारण नाकारले आहे. आरोपी हा शेतकरी असून मृत जनावरे ओढण्याचे काम त्याच्या कुटुंबाने सन १९५६ पासून सोडले आहे. आरोपीचे हे म्हणणे सरकार पक्षाने नाकारलेले नाही. ते स्वीकारण्यात येते. बचाव पक्षाने दिलेले कारण विचारात घेता येणार नाही.'

"स्वीकारन्यात येते," अण्णा म्हणाले. "कोर्टाचं हाय ना ह्ये? वकिलाचं न्हाय?"

"कोर्टाचं आहे. खाली सही आणि शिक्का आहे."

"परत वाच."

मी परत वाचलं. हवालदार म्हणाले, "चला अण्णा, गाडी थांबलीय." आवाजात घाई नव्हती.

"थांबू द्या की. म्या कुठं पळतोय?" अण्णा माझ्याकडं वळले. "हां. फुडं?"

मी थांबलो. "पुढं शिक्षा आहे, अण्णा."

"ती बी वाच," अण्णा म्हणाले. "दोनी आमचंच हाय."

मी दोन्ही वाचलं, पहिल्यापासून. या खेपेला आवाज मोठा काढला. जिन्यावरचे लोक थांबून बघायला लागले, तरी खाली आणला नाही.